निळ्या रेघांचे अस्तर

भाऊजी, तुम्हाला ती दुपार आठवत असेल. मागच्या खोलीत फरशीवर आपण चौघे बसलो होतो. हे घमेल्याने मिठाचे खडे ओतत होते, मी गोणीचे तोंड धरले होते, माझी जाऊ सुईत दोरा ओवत होती आणि तुम्ही रिकाम्या गोण्यांच्या ढिगावर आडवे पडून आम्हाला हसवत होतात. तुम्ही म्हणालात, "वहिनी, एवढं बारीक शिवता, मासे काय शिवण बघायला येणार आहेत?" मी म्हणाले, "मासे नाहीत, पण पाणी बघतं." हे हसले. ह्यांना हसताना डोळे मिटून घ्यायची सवय होती. सासूबाई आतून म्हणाल्या, हसायचं असेल तर खिडकी लावून हसा. मग चहा झाला आणि आपण उठलो. त्या दुपारी घडले असे काहीच नाही. पण आज लिहायला बसले तर आधी तीच आली, म्हणून आधी तीच लिहिली. वकीलबाई म्हणाल्या, मृत्युपत्र असं सुरू होत नसतं. मी म्हणाले, माझं होतं.

आता रीतीप्रमाणे.

जिला बंदराचा हा सगळा धक्का नुसते वहिनी म्हणून ओळखतो ती मी, समुद्राकडच्या या दुमजली घराची कागदोपत्री आणि खरोखरची मालकीण, पूर्ण शुद्धीत आणि स्वतःच्या मर्जीने हे लिहून ठेवत आहे. माझे डोके ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. डॉक्टरांनी आज वार कोणता म्हणून विचारले. मी वार सांगितला, आणि त्यांच्या कोटाचे वरचे बटण खालच्या काजात गेले आहे हेही सांगितले. त्यांनी लगेच सही केली. माझ्यावर कुणाचा दबाव नाही. दबाव बरीच वर्षे होता, पण तो दुसऱ्याच एका कागदावर सही करण्यासाठी होता. त्या कागदाबद्दल पुढे येईलच. यापूर्वी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही.

माझ्या मागे माझी एकुलती एक मुलगी आहे, धाकटा दीर आहे आणि त्याची बायको, म्हणजे माझी जाऊ आहे. माझ्या मुलीची अशी समजूत आहे की तिचे वडील माझ्या विसरभोळेपणामुळे तुरुंगात गेले आणि तिथेच वारले. ही समजूत खोटी आहे. ती तशी का झाली आणि कुणी करून दिली, हे लिहिल्याशिवाय मला माझ्या मिळकतीची वाटणी करता येत नाही. कारण ज्याने ती करून दिली तोच आज या घराच्या तळमजल्यावर लॉज चालवतो, आणि मी गेल्यावर घर आपलेच होणार असे धरून चालला आहे.

कलम पहिले. घर माझे कसे झाले.

आमच्या घरचा धंदा काय होता हे धक्क्यावरच्या मांजरांनाही ठाऊक होते. ठाऊक नव्हते ते फक्त कागदाला. घड्याळे, कॅमेरे, अत्तराच्या बाटल्या, परदेशी कापड, पुढे पुढे रेडिओ. माल बोटीने यायचा, आणि कर भरायचा नाही एवढा एकच नियम होता. मला त्याची लाज वाटली नाही. मी नन्सच्या शाळेत वाढलेली मुलगी, अनाथ म्हणून त्यांनी ठेवून घेतलेली. घर म्हणजे काय हे मला त्या घरात कळले. सासूबाई तोंडाने कडक होत्या, पण पहिल्या वर्षी मला ताप आला तेव्हा रोज सकाळी त्या माझे केस विंचरायच्या आणि विंचरताना मला शिव्या द्यायच्या. माझे केस तोपर्यंत कुणी विंचरले नव्हते.

हे घर विकत घ्यायचे ठरले तेव्हा ते कुणाच्या नावावर घ्यायचे हा प्रश्न आला. दोन्ही मुलगे सरकारच्या डोळ्यांवर होते. त्यांच्या नावावर काही ठेवले असते तर पहिल्याच धाडीत जप्त झाले असते. सासूबाईंनी माझी सही मागवून घेतली, लांब धरून पाहिली आणि म्हणाल्या, "हिच्याच नावावर करा. सही बघा, मोठ्या साहेबाची बायको वाटते." तसे झाले. घर माझे, लॉजचा परवाना माझा, मागची बोटींच्या दुरुस्तीची शेड माझी. माझे उत्पन्न म्हणून शिवणकाम आणि शिकवण्या दाखवल्या. कागदावर मी इतके फ्रॉक शिवले आहेत की या किनाऱ्यावरच्या पोरींना तासातासाला बदलावे लागले असते.

भाऊजी तेव्हा सगळ्यात मोठ्याने हसले होते. "वहिनी, आता आम्ही तुमचे भाडेकरू," असे म्हणून त्यांनी मला वाकून सलाम केला होता. सलाम मी ठेवून घेतला आहे.

कलम दुसरे. अस्तर.

हे कलम माझ्या मुलीसाठी आहे. इतरांनी ऐकावे, पण ते तिच्यासाठी आहे.

बाळ, तुला धंद्यातले काही कधी सांगितले नाही, म्हणून थोडे समजावून सांगते. गस्तीची बोट दिसली की माल मेणकापडात बांधून मिठाच्या गोणीला अडकवायचा आणि पाण्यात सोडून द्यायचा. गोणीला लांब दोरी, दोरीच्या टोकाला हवा भरलेला बंद डबा. मिठाच्या वजनाने सगळे तळाला बसते. झडती होते, बोटीत काही सापडत नाही, साहेब हात हलवत परत जातात. पुढे मीठ विरघळत जाते, गोणी हलकी होते आणि डबा वर येतो. तोपर्यंत एकदोन दिवस गेलेले असतात. मग मासेमारीला निघाल्यासारखे जायचे आणि माल ओढून घ्यायचा.

डबा दोन दिवसांनी वर येणार की अर्ध्या तासात, हे गोणीच्या आतल्या अस्तरावर ठरते. नुसत्या गोणीत पाणी धावत शिरते. म्हणून आत गादीच्या जाड कापडाचे दुहेरी अस्तर लावायचे. ते माझे काम होते. निळ्या रेघांचे कापड, दाट उलटी टीप, आणि कोपऱ्यात लाल दोऱ्याची खूण: दोन फुल्या आणि खाली एक आडवी रेघ. शाळेत सगळ्या मुलींचे कपडे एकत्र धुवायला जायचे, म्हणून प्रत्येकीला आपली खूण असायची. ती माझी खूण. गोणीच्या अस्तरावर तिचा काही उपयोग नव्हता. पण शिवणाच्या सिस्टरांनी हाताला लावलेले वळण जात नाही. तुझ्या शाळेच्या प्रत्येक फ्रॉकच्या आतल्या शिवणीवर हीच खूण होती. तू ती नखाने उसवत बसायचीस आणि मार खायचीस.

त्या सकाळी काय झाले ते मला बोटीवरच्या इंजिनवाल्याने सांगितले. तो लवकर सुटून आला. चांगला उजेड पडला होता. गस्तीची बोट येताना दिसली, ह्यांनी सांगितले तशा गोण्या पाण्यात गेल्या. कस्टमचा साहेब चढला. त्याने सगळी बोट पाहिली, काही मिळाले नाही. एरवी हे लोक अशा वेळी तोंड वाकडे करून उतरतात. हा उतरला नाही. फळीवर बसला आणि म्हणाला, "चहा मिळेल का हो?"

इंजिनवाला मला म्हणाला, "वहिनी, आम्हाला वाटलं बरा माणूस आहे. साखर जास्त घातली मी."

चहा अर्धा झाला असेल. बोटीच्या अगदी जवळ पहिला डबा वर आला. साहेब म्हणाला, "तुमचं काहीतरी पाण्यात पडलं वाटतं." मग दुसरा आला. साहेब म्हणाला, "अरेच्चा, हे पण." तिसरा आल्यावर तो कप उंच धरून नुसता हसला. ह्यांनी किटली खाली ठेवली आणि म्हणाले, "साहेब, चहा संपवून घ्या. मग निघू."

असे होते तुझे वडील.

त्याच सकाळी, सगळी गस्त इकडे गुंतलेली असताना, भाऊजींची बोट पलीकडच्या खाडीत लागली. त्या वर्षीचा सगळ्यात मोठा माल त्या बोटीत होता. घरात रडारड चालली होती आणि त्यातच सासूबाई म्हणाल्या, निदान धाकट्याचं तरी सुखरूप आलं. मलाही तेव्हा तसेच वाटले होते.

कोर्टात सरकारी वकिलाने पकडलेली एक गोणी सगळ्यांसमोर आतून बाहेर उलटून दाखवली. आत काही नव्हते. नुसती गोणी. ह्यांनी पिंजऱ्यातून मान वळवून माझ्याकडे पाहिले. रागाने पाहिले नाही. राग मला चालला असता. मी उठून सांगू शकत नव्हते की अस्तर मी माझ्या हाताने लावले होते. सांगितले असते तर मलाही त्यांच्या शेजारी उभे केले असते, आणि तू तेव्हा नीट भांगही पाडू शकत नव्हतीस. ह्यांनी आधीच जबाब दिला होता की घरातल्या बायकांना यातले काही माहीत नाही. तो जबाब मला पाळावा लागला.

तुरुंगात भेटायला गेले की मध्ये जाळी आणि जाळीशेजारी कान टवकारून बसलेला शिपाई. पहिल्याच भेटीत हे म्हणाले, "एवढंसंच काम होतं गं तुझं."

मी म्हणाले, "केलं होतं."

"असू दे."

"अहो, खरंच केलं होतं."

"असू दे म्हटलं ना. पोरीला आणत जाऊ नकोस इथे."

न केलेल्या चुकीची माफी मला मिळाली, आणि ती परत करायची सोय नव्हती. पुढच्या थंडीत त्यांची छाती भरली आणि ते तिथेच गेले. सुटकेची तारीख आली तेव्हा घरी आणायला माणूसच उरला नव्हता.

कोर्टातून घरी परत आल्यावर सासूबाईंनी माझा शिवणाचा डबा उचलला आणि जावेच्या खोलीत नेऊन ठेवला. भाऊजींनी मात्र मला कधी दोष दिला नाही. हे मी मुद्दाम लिहून ठेवते. ते चारचौघांत माझी बाजू घ्यायचे. "जाऊ द्या हो, माणूस आहे, विसरतं. वहिनीला कुणी काही बोलायचं नाही." तुला मांडीवर घेऊन म्हणायचे, "आई विसरली बिचारी. तू मोठी झालीस तरी तिला टोचून बोलू नकोस हं." अशी दया मी माझ्या वैऱ्यावरही करणार नाही. वैऱ्याचे मी काय करणार आहे ते खाली लिहिले आहे.

पुढची वर्ष-दीड वर्षे मीही मानले की मी विसरले असेन. सगळे घर जेव्हा एकच गोष्ट हळू आवाजात म्हणते, तेव्हा आपल्या हाताची आठवणही आपली राहत नाही. मी शिवणे सोडले. बटण लावायचे झाले तरी दोनदा ओढून बघायचे.

मग माझी जाऊ तापाने पडली. तिची चादर आणि उशांचे अभ्रे बदलायला मी घेतले. धुण्याआधी अभ्रे उलटून झटकायची माझी सवय. निळ्या रेघांचे जाड कापड. आतल्या कोपऱ्यात लाल दोरा: दोन फुल्या, खाली एक रेघ. कडेने जुन्या उलट्या टिपेची छिद्रे, एकसारखी. कापड मऊ, रेघा अजून गडद. समुद्रातून परत आलेले अस्तर मला अंधारातही हाताने कळायचे. ते मिठाने कडक आणि फिके होऊन येते. याला समुद्राचे पाणी कधी लागलेच नव्हते.

मी जावेला विचारले, "हे कापड कुठून गं आणलंस?"

ती तापातच म्हणाली, "अहो ताई, हे ना? आमच्या ह्यांच्या पलंगाखाली घडी करून ठेवलं होतं. थोरल्या भावोजींना पकडलं ना, त्याच आठवड्यात. घरात माणसांची रीघ लागलेली, उशा कमी पडायच्या. ह्यांना विचारलं, घेऊ का, तर म्हणाले, घे, पण कुणाला दाखवत बसू नकोस. म्हटलं उशीचे अभ्रे काय कुणाला दाखवायचे?"

मी म्हणाले, "छान शिवलेस."

ती खूश झाली. तिला तेव्हाही काही माहीत नव्हते, आजही नाही. हे मी शपथेवर लिहिते, आणि हे वाचले जात असताना तिच्याकडे कुणी वाकड्या नजरेने पाहू नये.

बोटीच्या सामानाची कोठी भाऊजींच्या ताब्यात होती, तयार गोण्या तिथेच असायच्या. तिथे त्यांनी माझ्या गोण्या उसवल्या, अस्तरे काढली आणि तोंडे पुन्हा शिवली. साहेबाला सांगून ठेवले की झडतीनंतर उतरायचे नाही, चहा मागायचा. सगळे चोख केले. फक्त कापड जाळायचे त्यांच्या जिवावर आले. आमच्या घरात आयुष्यभर कुणी चिंधी फेकली नाही. सासूबाईंनी शिकवलेच तसे होते. काटकसरीच्या घरात वाढलेला माणूस सख्ख्या भावाला विकतो, पण चांगले कापड टाकत नाही.

कलम तिसरे. मी गप्प का राहिले.

कारण घर माझ्या नावावर होते, पण तुझी फी भाऊजी भरत होते. कारण सासूबाई जिवंत होत्या, आणि एक मुलगा गमावलेल्या बाईच्या हातात दुसऱ्याची ही गोष्ट द्यायची मला हिंमत झाली नाही. आणि कारण मी तुला सांगितले असते तर तू सरळ काकाकडे गेली असतीस. त्याने तुझ्या डोक्यावर हात ठेवला असता आणि म्हणाला असता, "बोलू दे तिला. तिला तेवढाच आधार." मग अभ्रे घरातून नाहीसे झाले असते, आणि तूही.

तशी तू गेलीसच. नर्सिंगला जाण्याआधी तू मला म्हणालीस, "आई, बाबा तुझ्या विसरण्यानं गेले. काका तुला त्याबद्दल एका शब्दानं बोलले नाहीत. निदान त्यांच्याशी तरी नीट वाग." मी त्या दिवसापासून भाऊजींशी नीट वागते. तू दर रविवारी लॉजच्या फोनवर काकाशी बोलतेस. मी जिन्यावर उभी राहून ऐकते. आवाज येत नाही, पण ते हसले की तू काहीतरी गमतीचे बोललीस हे कळते.

आता मी गेल्यावर मला कुणी म्हातारी म्हणून गप्प करू शकत नाही. म्हणून आता.

कलम चौथे. भाऊजींचा कागद.

गेली कित्येक वर्षे भाऊजी एक कागद घेऊन वर येत आहेत. मी घर त्यांच्या नावे करून देते असे त्यात लिहिले आहे. त्यांचे आणि माझे बोलणे साधारण असे होते.

"वहिनी, एकदा ते करून टाकू या."

"कुठलं हो भाऊजी?"

"घराचं. उगाच तुमच्या डोक्याला ताप. कर भरा, दुरुस्ती करा."

"कर तुम्हीच भरता की."

"तेच म्हणतो मी. भरायचं मी आणि नाव तुमचं."

"मग बरं आहे ना. मी फक्त नाव वापरू देते. भाडंसुद्धा घेत नाही."

"वहिनी, थट्टा नको. उद्या आपल्याला काही झालं तर?"

"आपल्याला म्हणजे मला ना?"

मग ते हसतात आणि पेन पुढे करतात. मी सांगते की हात थरथरतो, सही जुळत नाही. ते पुढच्या वेळी चांगले पेन आणतात. मी सांगते की चष्म्याचा नंबर बदलला. ते चष्मा करून आणतात. हे सगळे होत असताना मी त्यांच्यासमोर बसून सुईत दोरा ओवत असते. त्यांच्या ते कधीच लक्षात आलेले नाही. ज्याने माझ्या शिवणीवर सगळे आयुष्य उभे केले, त्याने माझ्या हाताकडे एकदा तरी नीट पाहायला हवे होते. तो कागद मी या मृत्युपत्राला जोडला आहे, सहीची जागा कोरीच ठेवून. चष्मा मात्र चांगला आहे, हे त्याच चष्म्याने लिहिते आहे.

कलम पाचवे. वाटणी.

समुद्राकडचे घर, तळमजल्यावरची लॉज, परवाना आणि मागची शेड मी माझ्या मुलीला देते. पूर्ण मालकीने, कोणतीही अट न घालता.

भाऊजींना यावर हरकत घ्यायची असेल तर त्यांचा मार्ग मी बंद करत नाही. हे घर आपल्या पैशाने घेतले होते असे त्यांनी कोर्टात जाऊन खुशाल सांगावे. मात्र तो पैसा कशाचा, कुठून आला, कोणत्या बोटीने आला आणि त्यावर कर भरला होता का, हेही न्यायाधीशांना सांगावे लागेल. त्यांनी ते खरे खरे सांगितले तर घर त्यांना द्यावे अशी माझीच विनंती आहे. वकीलबाई म्हणाल्या की असे झाल्यास घर सरकारजमा होईल. मला तेही चालेल. सरकारने मग घराच्या पुढच्या गच्चीवर कस्टमची चौकी टाकावी. तिथून खाडीच्या तोंडापर्यंत सगळे दिसते. हे उगीच सांगत नाही, आम्ही घर त्याचसाठी घेतले होते.

माझ्या जावेला मी वरच्या मजल्यावरची समुद्राकडची खोली आणि स्वयंपाकघर तिच्या हयातीपर्यंत वापरायला देते. हा हक्क तिचा एकटीचा आहे. तिचा नवरा तिच्याकडे पाहुणा म्हणून येऊ शकेल. पाहुण्याने किती वेळ बसायचे हे घरमालकिणीने ठरवावे. शिलाई मशीन, कात्र्या, आणि सासूबाईंनी माझ्याकडून काढून तिच्याकडे ठेवलेला शिवणाचा डबा, हेही तिचेच. तिने तो मला सासूबाईंच्या माघारी गुपचूप परत आणून दिला होता, झाकणात लिमलेटच्या गोळ्या ठेवून. तिच्याइतके मला या घरात कुणी जपले नाही. तिला यातले जे दुःख होईल त्याबद्दल मला वाईट वाटते. पण तिच्या नवऱ्याबद्दल तिला कधीतरी कळायलाच हवे होते, आणि ते तिच्या पाठीमागून कळण्यापेक्षा तिच्यासमोर कळलेले बरे.

ह्यांचे मनगटी घड्याळ इंजिनवाल्याला द्यावे. भाऊजींनी ते माझ्याकडे पुष्कळदा मागितले, आठवण म्हणून. आठवण त्यांच्याकडे भरपूर असणार. इंजिनवाला चहात जास्त साखर घातली म्हणून अजून स्वतःला बोल लावतो. त्याला सांगावे की साखरेचा काही संबंध नव्हता.

कस्टमचे साहेब आता निवृत्त आहेत आणि रोज सकाळी आमच्या लॉजच्या पुढच्या टेबलावर बसून चहा घेतात. त्यांच्याकडून पैसे घ्यायचे नाहीत असा भाऊजींचा हुकूम आहे. ज्या कपातून त्यांनी त्या सकाळी बोटीवर चहा घेतला तो कप माझ्या कपाटात आहे. इंजिनवाल्याने आणून दिला. बोटीचे सगळे सामान जप्त झाले, कप कुणाला दिसला नाही. तो साहेबांना त्यांच्या टेबलावर नेऊन द्यावा, आणि तो कुठला ते चारचौघांत मोठ्याने सांगावे. त्यानंतर लॉजवर त्यांना चहा द्यायचा की नाही हे माझी मुलगी ठरवेल.

बँकेतली माझी शिल्लक खऱ्या शिवणकामाची आणि खऱ्या शिकवण्यांची आहे. तिचा अर्धा भाग ज्या शाळेने मला ठेवून घेतले तिथल्या शिवणवर्गाला द्यावा, सुया, दोरे आणि कापडासाठी. तिथल्या सिस्टरांनी मुलींना कपड्यांवर खूण करायला अजूनही शिकवावे. राहिलेला अर्धा मुलीला.

उशीचे अभ्रे चार होते. दोन वापरून विरले. राहिलेले दोन वकीलबाईंच्या तिजोरीत आहेत. एक माझ्या मुलीला द्यावा. दुसरा भाऊजींना. त्यांनी तो रोज वापरावा अशी माझी इच्छा आहे. कापड उत्तम आहे, त्यांच्या जन्माला पुरेल. याखेरीज भाऊजींना मी काहीही देत नाही. भांडे नाही, खुर्ची नाही, फोटोतल्या आपल्या सगळ्यांच्या रांगेतली त्यांची जागाही नाही. तेवढा भाग मी कापून काढला आणि फोटोच्या दोन्ही कडा पुन्हा शिवून घेतल्या आहेत. शिवण सरळ आली आहे.

माझी मुलगी काकाला या घरात राहू देईल की बाहेर काढेल, हे मी तिच्यावर सोडते. आईने मत देऊ नये, म्हणून देत नाही. माझे मत तिला न देताही कळेल.

कलम सहावे. वाचन कसे करावे.

हे मृत्युपत्र वकीलबाईंनी लॉजच्या पुढच्या खोलीत, दिवसाढवळ्या, दारे उघडी ठेवून वाचावे. मुलगी, भाऊजी, जाऊ आणि इंजिनवाला हजर असावेत. मुलगी बहुतेक काकाशेजारी बसेल. बसू द्यावे. दुसरे कलम वाचून झाले की थांबावे आणि अभ्रा उलटून तिच्या हातात द्यावा. ती रोज माणसांचे टाके घालते आणि काढते. तिला शिवण समजावून सांगायची गरज नाही. तिला बघायला लागेल तेवढा वेळ द्यावा, कुणी घसा खाकरू नये. भाऊजी उठायला लागले तर त्यांना बसवावे. ते तिच्या डोक्यावर हात ठेवायला गेले तर मध्ये पडू नये. तो हात तिनेच झटकायचा की नाही ते तिला ठरवू द्यावे.

मग उरलेली कलमे वाचावीत. सगळ्यात शेवटी चाव्या. लॉजच्या, कोठीच्या, शेडच्या आणि पुढच्या दाराच्या चाव्या भाऊजींच्या खिशात एकाच कडीत असतात. त्या वकीलबाईंनी मागून घेऊ नयेत आणि पोलिसांना बोलावू नये. भाऊजींनी स्वतः खिशातून काढून, उभे राहून, माझ्या मुलीच्या हातात द्याव्यात.

सही: वहिनी

माझ्यासमोर सही झाली:
पहिली साक्षीदार: समोरच्या दवाखान्यातल्या दातांच्या डॉक्टर
दुसरा साक्षीदार: निवृत्त पोस्टमास्तर, शेजारी

ताब्यात घेणार आणि अंमलबजावणी करणार: वकीलबाई

ठिकाण: राहते घर, वरचा मजला, समुद्राकडची खोली
दिनांक: नोंदणीच्या शिक्क्यावर आहे तो, सोमवार, सकाळी